हिरवळीवरची संध्याकाळ

अमेरिका म्हटली कीं गर्दी आणि घाई आमच्या डोळ्यांपुढें उभी राहते. त्याच देशांत, मॅसॅच्युसेट्स राज्यांतील केप कॉड या समुद्रांत शिरलेल्या भूभागावर, ऑर्लिन्स नांवाच्या लहानशा गांवीं बेसबॉलचा एक सामना पाहण्याचा योग आम्हांस आला, आणि आमची समजूत थोडी बदलली.

तिकीट नव्हतें. मैदानाच्या कडेस पायऱ्यापायऱ्यांची हिरवी चढण आहे. तिच्यावर चादरी अंथरून कुटुंबेंच्या कुटुंबें बसलीं होतीं. एक आजोबा वहींत एकेका खेळीची नोंद करीत होते. सामना किती वेळांत संपावा, यास घड्याळाचें बंधन नाहीं. नऊ डाव पुरे होईपर्यंत कोणासहि उठण्याची घाई नव्हती. मध्येंच वर्गणीसाठीं कोणी फिरे, त्यांत यथाशक्ति टाकावें. बाकी शांतता, आणि तिच्यांत बॅटचा टणत्कार. कॉलेजांच्या सामन्यांत धातूची बॅट चालते. येथें मात्र १९८५ पासून पुन्हां लाकडीच वापरतात.

खेळणारे सर्व कॉलेजचे विद्यार्थी. दूरदूरच्या प्रांतांतून ते उन्हाळ्यापुरते येतात व गांवांतील कुटुंबांत राहतात. हें ऐकतांच आम्हांस आपल्याकडील वारावर जेवणाऱ्या विद्यार्थ्यांची आठवण झाली. अशी एक यजमानीण बाई आमच्या शेजारींच बसली होती. "तो आमचा मुलगा," म्हणून तिनें जो तरुण दाखविला, तो महिन्यापूर्वीं तिला ठाऊकहि नव्हता!

त्या दिवशीं तो तिन्ही वेळां बाद झाला. जाळीमागें मोठ्या संघांचे पारखी टिपणें करीत बसले होते. १९६७ सालीं जवळच्याच चॅटम गांवाकडून खेळलेला थर्मन मन्सन पुढें न्यूयॉर्क यँकीज संघाचा कप्तान झाला; पण असें भाग्य थोड्यांचें. बहुतेकांची मजल तेथवर पोंचत नाहीं, हें त्या मुलासहि ठाऊक असावें. मान खालीं घालून तो परतला. कोणीं हुर्यो उडविली नाहीं. बाई एवढेंच म्हणाली, "आज रात्रीं त्याच्या आवडीचें कांहीं तरी केलें पाहिजे."

परतीच्या वाटेवर हें वाक्य आमच्या मनांत घोळत राहिलें. परीक्षेंत अपयश घेऊन मुलगा घरीं येतो, तेव्हां आपण आधीं गुण विचारतों. जेवलास का, हें मागाहून. जिंकणाऱ्याचें कौतुक करावयास सारें जग आहे. हरून आलेल्याचें पान मांडून ठेवणें हें घराचें काम. आणि तें परक्याच्या मुलासाठींहि करणारें एक गांव आम्हीं पाहिलें.