तारीख सांगा, मग तज्ज्ञ आणा

सप्टेंबर २०२५ मधली गोष्ट. साखरशेतला गटाची बैठक होती. भात पोटरीला आलेलं, कुणाला उसंत नव्हती, तरी पंधरा-सोळाजणी जमल्या. जव्हारला कॉलेजात जाणाऱ्या एका मुलीने मोबाइलवरची बातमी वाचून दाखवली. नेपाळात तरुण पोरं रस्त्यावर आली, सरकार पडलं आणि १२ सप्टेंबरला सुशीला कार्की हंगामी पंतप्रधान झाल्या. तिथल्या पहिल्या बाई सरन्यायाधीश त्याच होत्या, आता पहिल्या बाई पंतप्रधानही त्याच. मंत्रिमंडळात पक्षांचे पुढारी नाहीत. वीज मंडळाचा कारभार सुधारणारे कुलमान घिसिंग, अर्थ खात्याचे माजी सचिव रामेश्वर खनाल अशी जाणकार माणसं. मुलगी म्हणाली, "ताई, आपल्याकडेपण असंच पाहिजे. पुढारी नकोत, शिकलेली माणसं पाहिजेत." बायकांनी माना डोलावल्या. खरं सांगते, मीही डोलावली.

घरी आल्यावर मात्र मन खात राहिलं. निवडून न आलेल्या जाणकारांचा कारभार आपण भोगलेला आहे. आपल्याकडे त्याला प्रशासक म्हणतात, एवढाच फरक.

आपल्याच जिल्ह्यातली वसई-विरार महापालिका घ्या. मुदत संपली जून २०२० मध्ये. मुंबईची संपली मार्च २०२२ मध्ये. दोन्हीकडे मतदान झालं १५ जानेवारी २०२६ ला. मधल्या काळात करोना आला, मग ओबीसी आरक्षणाचा वाद, मग प्रभागरचनेचा. कारणं खोटी नव्हती, पण सोयीची होती. घटना सांगते की पाच वर्षांची मुदत संपण्याआधी निवडणूक व्हायला हवी. सर्वोच्च न्यायालयाने ६ मे २०२५ ला चार महिन्यांत निवडणुका उरका म्हणून सांगितलं, तेही जमलं नाही. मग ३१ जानेवारी २०२६ पर्यंत मुदत वाढवून द्यावी लागली. मुंबईत आयुक्तच प्रशासक. अर्थसंकल्प मांडायचा त्यांनीच, मंजूरही करायचा त्यांनीच! आमच्याकडे बोहाड्यात मुखवटा चढवतात तो पहाटे तरी उतरतो.

या रिकाम्या खुर्च्या कुणाच्या होत्या? मुंबईत २२७ पैकी ११४ जागा बायकांच्या. वसई-विरारला ११५ पैकी निम्म्या. १९९३ च्या घटनादुरुस्तीने एक तृतीयांश जागा मिळाल्या, २०११ मध्ये महाराष्ट्रात निम्म्या झाल्या. ते आरक्षण कुणी रद्द केलं नाही. फक्त सभागृहच बंद ठेवलं. आरक्षण काढलं असतं तर आपण मोर्चा नेला असता. सभागृहाला कुलूप लागलं तेव्हा आपल्या संघटना गप्प बसल्या, त्यात मीही आले.

तुम्ही म्हणाल, जव्हार-मोखाड्याला याचं काय? दिवाळी झाली की आमच्या पाड्यांवरच्या बायका वसई-विरारकडे वीटभट्ट्यांवर, बांधकामांवर जातात. त्यांची नावं तिथल्या यादीत नसतात, पण नगरसेविकेच्या दारात पोर कडेवर घेऊन उभं तरी राहता येतं. प्रशासकाच्या दारात शिपाई असतो. आणि मोखाड्यातल्या कोचाळ्याजवळच्या मध्य वैतरणा धरणाचं पाणी मुंबईला जातं, इकडे एप्रिल-मे महिन्यांत पाड्यांवर टँकरची वाट बघायची. या पाण्याचा जाब मुंबईत कुणाला विचारायचा? चार वर्षं तिथे विचारायला सभागृहच नव्हतं.

ग्रामपंचायतीतही हेच झालं. २०२० मध्ये राज्यात चौदा हजारांवर ग्रामपंचायतींच्या मुदती संपल्या. सरकारने तर पालकमंत्र्यांच्या सल्ल्याने खाजगी माणसंही प्रशासक म्हणून नेमायचा घाट घातला होता. उच्च न्यायालयाने शक्यतो सरकारी अधिकारीच नेमा असं बजावलं. मी तेव्हा एका पंचायतीची सदस्य होते. पहिलं वर्ष मी सतरंजीच्या कडेला बसून काढलं, दुसऱ्या वर्षी अंदाजपत्रक वाचायला शिकले, चौथ्या वर्षी विहिरीच्या कठड्याचा ठराव मांडून मंजूर करून घेतला. मुदत संपली. आलेल्या साहेबांकडे आणखी कितीतरी गावं होती. माणूस वाईट नव्हता. पण कठडा झाला नाही, आणि का नाही हे विचारायला करोनामुळे ग्रामसभाही भरत नव्हती.

तज्ज्ञांवर माझा राग नाही. १९९२ मध्ये वावर-वांगणीत शंभरावर बालकं गेली, ते आम्ही विसरलो नाही. पुढे डॉ. अभय बंग यांच्या समितीने सरकारी नोंदींत बालमृत्यू किती कमी दाखवले जातात ते उघड केलं. हे काम तज्ज्ञांचंच. पण त्यांनी मोजावं, सांगावं, खडसवावं. खुर्चीत बसलेल्याला घरी पाठवायचा हक्क आपल्या हातात राहिला पाहिजे. "निवडून आलेल्या बाईचा कारभार नवराच बघतो," असं आपल्यातल्याच काहीजणी म्हणतात. बघतो, कितीतरी ठिकाणी बघतो. पण सही तिची लागते, आणि सही करता करता बाई वाचायला लागते.

बांगलादेशातही ऑगस्ट २०२४ मध्ये मुहम्मद युनूस यांचं सल्लागार मंडळ आलं. त्यात फरीदा अख्तर, रिझवाना हसन अशा चळवळीतल्या बायका होत्या. शिरीन हक यांच्या अध्यक्षतेखाली महिला सुधारणा आयोग नेमला गेला. एप्रिल २०२५ मध्ये त्याचा अहवाल आला, मे महिन्यात कट्टरपंथी आयोग बरखास्त करा म्हणत रस्त्यावर उतरले. सरकारने पाठीशी ठाम उभं राहायला हवं होतं. पण ज्याच्यामागे मतं नाहीत ते सरकार गर्दीला घाबरतं.

नेपाळची बातमी मी त्या मुलीकडून पुन्हा वाचून घेतली. कार्कीबाईंनी शपथ घेतली त्याच दिवशी संसद विसर्जित झाली आणि ५ मार्च २०२६ ही निवडणुकीची तारीखही ठरली. आमच्या प्रशासकांना अशी तारीख कुणी दिली?

गटाच्या खोलीत भिंतीवर आम्ही आता आमच्या ग्रामपंचायतीची मुदत कधी संपते ते खडूने लिहून ठेवलंय. खाली सहा महिने आधीची तारीख. त्या दिवशी तहसीलदारांकडे अर्ज द्यायचा, निवडणूक वेळेवर घ्या म्हणून. अर्ज त्या मुलीनेच लिहायला घेतलाय.