सही कुणाची?

दिवाळीत वाशीमच्या पाटणी चौकातून नातवासाठी खेळण्यातली बंदूक आणली. तिच्यावर ‘एके ४७’ असे ठळक छापलेले. नातवाने विचारले, ‘‘आजोबा, एके म्हणजे काय हो?’’

अर्थ साधा आहे. ‘ए’ म्हणजे ‘अवतोमात’, रशियन भाषेत स्वयंचलित बंदूक. ‘के’ म्हणजे ती घडविणारा कलाश्निकोव्ह आणि ४७ म्हणजे १९४७ साल. मिखाईल कलाश्निकोव्ह हा शेतकऱ्याचा मुलगा. दुसऱ्या महायुद्धात रणगाड्यावर असताना १९४१ मध्ये तो ब्रियान्स्कजवळ जखमी झाला. जर्मनांपुढे आपल्या सैनिकांच्या बंदुका तोकड्या पडतात, ही सल त्याला रुग्णालयात स्वस्थ बसू देईना. त्यातून पुढे ही रायफल जन्मली आणि १९४९ मध्ये सोव्हिएत सैन्यात दाखल झाली. सुटे भाग थोडे, तेही सैलसर बसविलेले. त्यामुळे चिखलात, धुळीत ती अडत नाही आणि अडाण्यालाही चालविता येते.

हाच तिचा गुण, आणि हाच शाप. मायदेशाच्या रक्षणासाठी केलेली वस्तू कुणाच्याही हाती गेली. १९९३ च्या बॉम्बस्फोटांपूर्वी रायगडच्या किनाऱ्यावर उतरलेल्या शस्त्रांत तिचीच चिनी बहीण ‘एके ५६’ होती.

बँकेत आमचा एक नियम असे : ज्याची सही, त्याची जबाबदारी. पैसे दुसऱ्याने उचलले तरी जाब सही करणाऱ्यालाच. मग जिच्यावर नावच कोरले आहे, तिचे काय? दोष राजकारण्यांचा, असे कलाश्निकोव्ह आयुष्यभर म्हणत राहिला. अखेरीस मात्र त्याने रशियन धर्मगुरूंना पत्र लिहिले. माझ्या बंदुकीने माणसे मेली, तर त्या मृत्यूंचा दोषी मीही का, हा त्यातला प्रश्न. २०१३ च्या डिसेंबरात, ९४ व्या वर्षी तो गेला.

आज त्याच घराण्यातली ‘एके २०३’ उत्तर प्रदेशात अमेठीजवळ कोरवा येथे आपल्या सैन्यासाठी तयार होते. देशाला शस्त्रे लागतात, हे खरेच. पण दिलेल्या प्रत्येक शस्त्राचा हिशेब शेवटपर्यंत ठेवणे, ही देणाऱ्याची सही समजावी.

नातवाला मी आणखी एक नाव सांगितले. २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री गिरगाव चौपाटीवर, हाती केवळ लाठी असताना, कसाबच्या रायफलीची नळी धरून ठेवणारे साताऱ्याकडचे तुकाराम ओंबळे. गोळ्या अंगावर घेतल्या, पण पकड सोडली नाही. म्हणूनच कसाब जिवंत हाती लागला.

हे नाव कुठल्या बंदुकीवर छापलेले नसते. म्हणून ते घरातच सांगावे लागते.