दुधाचा हिशेब चोख, रक्ताचा बेहिशेब!

पिंपरी पेंढारचा शेतकरी सकाळ-संध्याकाळ दूध घेऊन डेअरीवर उभा राहतो, तेव्हा त्याची नजर फॅटच्या मशीनवरून हलत नाही. काल तीन-आठ लागली, आज तीन-चार कशी? मशीन कधी तपासले? तो जाब विचारतो आणि डेअरीवाल्याला उत्तर द्यावे लागते. हाच शेतकरी तापाने फणफणलेल्या बापाला गाडीवर बसवून नगर-कल्याण रस्त्याने ओतूरला नाहीतर आळेफाट्याला नेतो. दंडाला पट्टा बांधला जातो, सुई टोचली जाते, काही वेळाने एक छापील कागद हातात पडतो आणि तो कागद निमूटपणे डॉक्टरपुढे धरला जातो. हे मशीन आज सकाळी कोणी तपासले? खालची सही कोणाची? ती करणारा माणूस या लॅबमध्ये कधी पाऊल टाकतो का? हे विचारायचे कोणाला, याची सोय या राज्याने ठेवलेली नाही. दुधाच्या थेंबाला हिशेब आहे आणि माणसाच्या रक्ताच्या थेंबाला नाही. या बेबंदशाहीचा आम्ही जाहीर धिक्कार करतो!

१२ डिसेंबर २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने स्वच्छ शब्दांत सांगितले की, लॅबच्या अहवालावर पॅथॉलॉजीतील पदव्युत्तर पात्रता असलेल्या नोंदणीकृत डॉक्टरचीच सही हवी. देशाच्या सर्वोच्च न्यायासनाने हे सांगितल्यावर सरकारने काय करायला हवे होते? तालुक्या-तालुक्यात लॅबची नोंद, तपासणी आणि दोषींवर कारवाई. महाराष्ट्रात काय झाले? केंद्राने २०१० साली क्लिनिकल एस्टॅब्लिशमेंट्स कायदा केला, तो आपण स्वीकारला नाही. आपल्याकडचा १९४९ चा शुश्रूषागृह नोंदणी कायदा खाटा असलेल्या रुग्णालयांकडे पाहतो. रस्त्याकडेच्या गाळ्यात चालणारी स्वतंत्र लॅब त्याच्या नजरेतच येत नाही. वडापावच्या गाडीला अन्न नोंदणी लागते, औषधाच्या दुकानाला फार्मासिस्ट लागतो. मात्र कर्करोग आहे की नाही हे सांगणाऱ्या कागदामागे कोण बसला आहे, हे पाहणारा निरीक्षक नाही. मग सह्या भाड्याने मिळतात, कोऱ्या लेटरहेडवर शिक्के आधीच मारून ठेवले जातात, आणि एका डॉक्टरचे नाव एकाच वेळी अनेक गावांत ‘हजर’ असते. ही रुग्णाची उघडउघड फसवणूक आहे.

चुकीचा अहवाल म्हणजे काय, हे ज्यांना कळत नाही त्यांनी नीट ऐकावे. साखर तपासायचे रक्त फ्लोराइडच्या करड्या बुचाच्या नळीत घ्यायचे असते. ते साध्या नळीत घेतले आणि सॅम्पल गोळा करणारा पोरगा ती नळी पिशवीत टाकून एप्रिलच्या उन्हात गावोगाव फिरला, तर नळीतल्या पेशी ती साखर खात राहतात. तासाला पाच ते सात टक्के साखर कमी होते. ज्याला मधुमेह आहे त्याला ‘नॉर्मल’ म्हणून घरी पाठवले जाते. पट्टा फार वेळ आवळून ठेवला, सुईतून रक्त जोराने ओढले, पेशी फुटल्या, की पोटॅशियम खोटेच वर जाते आणि धडधाकट माणसाला हृदय बंद पडण्याची भीती घातली जाते. नळीवर नाव रुग्णासमोर लिहायचे की टेबलावर दहा नळ्या मांडून मागाहून, एवढ्या एका गोष्टीवर एकाचा आजार दुसऱ्याच्या माथी बसतो. रोज सकाळी रुग्णांच्या नमुन्यांआधी ज्ञात किमतीचा कंट्रोल नमुना चालवावा, त्याचे आकडे तक्त्यावर मांडावेत, वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजसारख्या संस्थेच्या बाह्य गुणवत्ता योजनेत भाग घ्यावा, हे शास्त्र काही काल जन्मलेले नाही. ज्या लॅबला हे करायचे नाही तिने कुलूप लावावे!

आमचे भांडण प्रामाणिक तंत्रज्ञाशी नाही. पहाटेपासून रक्त काढणारा, पदविका घेतलेला तो मुलगा या यंत्रणेचा कणा आहे. आमचे भांडण त्याला तुटपुंज्या पगारावर एकट्याला बसवून डॉक्टरची सही विकत घेणाऱ्यांशी आहे, आणि चिठ्ठी पाठवण्याबद्दल ‘कट’ खाणाऱ्यांशी आहे. कट प्रॅक्टिस रोखण्यासाठी माजी पोलीस महासंचालक प्रवीण दीक्षित यांच्या समितीने २०१७ मध्ये कायद्याचा मसुदा केला. तो मसुदा कायदा झाला नाही. भीमाशंकरच्या डोंगरातून आणि नाणेघाटाच्या बाजूने एसटीने खाली येणारा आदिवासी दिवसाची मजुरी बुडवून तपासणीचे पैसे मोजतो. त्यातला वाटा कोणाच्या खिशात जातो हे मसुदा दडपणाऱ्यांनी सांगावे.

लॅबमधली ही बेपर्वाई वॉर्डात शिरते तेव्हा माणसे आंधळी होतात आणि मरतात. मुंबईत जोगेश्वरीच्या पालिका ट्रॉमा रुग्णालयात जानेवारी २०१९ मध्ये मोतीबिंदूच्या शस्त्रक्रियेनंतर संसर्ग झाला आणि पाच जणांची दृष्टी गेली. दिसावे म्हणून आलेली माणसे अंधार घेऊन घरी गेली! नागपुरात २०२२ मध्ये थॅलेसेमियाच्या चार मुलांना एचआयव्हीची बाधा झाल्याचे उघड झाले. त्यांतले एक मूल दगावले. जगण्यासाठी आयुष्यभर दुसऱ्याचे रक्त घ्यावे लागणाऱ्या लेकरांना आपण तपासणीची खात्रीसुद्धा देऊ शकत नाही. बाधा नुकतीच झालेल्या दात्याच्या रक्तात साध्या चाचणीला विषाणू सापडत नाही, म्हणून अधिक संवेदनशील नॅट चाचणी असते. ती प्रत्येक पिशवीला सक्तीची का नाही? पैसे नाहीत म्हणून? मग उद्घाटनांना आणि जाहिरातींना पैसे कुठून येतात?

प्रत्येक थेंबाच्या हिशेबाचा धडा महाराष्ट्राने सव्वाशे वर्षांपूर्वी घेतला असता तर! परळच्या प्लेग प्रयोगशाळेत तयार झालेली लस ३० ऑक्टोबर १९०२ रोजी पंजाबातल्या मुल्कोवाल गावात टोचली गेली आणि एकाच बाटलीतून लस घेतलेली १९ माणसे धनुर्वाताने मेली. खापर फुटले लस शोधणाऱ्या हाफकिनवर. पुढे उलगडले ते असे : बाटली उघडणाऱ्याच्या हातून चिमटा जमिनीवर पडला होता आणि नीट निर्जंतुक न करताच तो बूच काढायला वापरला गेला. १९०७ मध्ये हाफकिन निर्दोष ठरला. त्या बाटलीवर क्रमांक होता, ५३-एन. गुलामीच्या काळात बाटलीला क्रमांक होता आणि स्वतंत्र महाराष्ट्रात रक्ताच्या नळीला धड नाव नाही!

‘मनुष्यबळ नाही, निधी नाही’ हे रडगाणे आता बंद करा. रुग्णाला हात लावण्यापूर्वी आणि लावल्यानंतर वीस-तीस सेकंद हात निर्जंतुक करायला कोणता निधी लागतो? एका रुग्णाचे हातमोजे घालून दुसऱ्याला शिवू नये, यासाठी कोणता शासन निर्णय हवा? २०१६ च्या जैववैद्यकीय कचरा नियमांनी पिवळी, लाल, पांढरी, निळी अशी वर्गवारी ठरवून दिली आहे. तरी सुया पिशवीत जातात आणि त्या पिशव्या उचलणाऱ्या मावशींच्या बोटात घुसतात. सुई टोचल्यावर एचआयव्ही रोखणारे औषध शक्यतो दोन तासांत आणि फार तर ७२ तासांत सुरू व्हावे लागते. किती मावशींना हे कोणी सांगितले आहे? ऑटोक्लेव्हचे झाकण लावले की हत्यारे निर्जंतुक झाली, असे मानणाऱ्यांनी १२१ अंश तापमान आणि पुरता वेळ मिळाला की नाही याची नोंदवही दाखवावी!

आमची मागणी सरळ आहे. लॅबची नोंदणी, तपासणी आणि शिक्षा यांचा स्वतंत्र कायदा याच अधिवेशनात आणा. प्रत्येक लॅबच्या दारावर सही करणाऱ्या डॉक्टरचे नाव, पात्रता, नोंदणी क्रमांक आणि हजेरीची वेळ मराठीत लावा. नारायणगावच्या ग्रामीण रुग्णालयापासून मंचरच्या उपजिल्हा रुग्णालयापर्यंत संसर्ग नियंत्रणाची तपासणी करा आणि निकाल लोकांपुढे ठेवा. प्रत्येक रक्तपिशवीला नॅट चाचणी सक्तीची करा. आणि पिंपरी पेंढारच्या ग्रामसभेने कोणाची वाट पाहू नये. ठराव करावा, तालुका आरोग्य अधिकाऱ्याला बोलवावे, आणि डेअरीवर जो आवाज चढतो तोच आवाज लॅबच्या काउंटरवर चढवावा : मशीन कोणी तपासले, सही कोणाची, सुई नवी आहे का? उत्तर मिळेपर्यंत दंड पुढे करू नका, आणि उत्तर न देणाऱ्या सरकारला मतही देऊ नका!