मंथरा कोण होणार?

मैत्रिणींनो, परवा दुपारी माझी धाकटी जाऊ तणतणतच घरात आली. लेकीच्या शाळेचं स्नेहसंमेलन आहे, रामायणावर नाटक बसवताहेत. पोरीला व्हायचं होतं सीता, आणि बाईंनी दिली मंथरा!

"ताई, माझ्या पोरीला पाठीला कुबड बांधून उभी करणार म्हणे! मी तर तिचं नावच काढून घेते."

मी म्हटलं, "अगं, आधी बैस, चहा घे. आपल्या सोलापूरची शशिकला ठाऊक आहे ना तुला?"

तिला टीव्हीवरच्या मालिकांतली वयस्कर शशिकला तेवढी आठवत होती. मग मी पहिल्यापासून सांगायला बसले. तेच आज तुम्हालाही सांगते.

शशिकला जवळकर यांचा जन्म ४ ऑगस्ट १९३२ चा, सोलापूरचा. वडिलांचा व्यापार, घर खाऊनपिऊन सुखी. पाच वर्षांची ही पोर जिल्ह्यातल्या गावोगावी रंगमंचावर नाचायची, गायची. पण दिवस फिरले. धाकट्या भावाच्या विलायतेतल्या शिक्षणापायी वडील खर्चात बुडाले आणि भावाने मागे वळून पाहिलं नाही, असं त्या स्वतःच मुलाखतींतून सांगत. घरदार मुंबईला आलं. कोवळ्या वयात तिने लोकांच्या घरी कामं केली, स्टुडिओचे उंबरे झिजवले. शेवटी नूरजहाँची नजर तिच्यावर पडली. नूरजहाँच्या यजमानांच्या 'झीनत' (१९४५) चित्रपटात बायकांची एक कव्वाली होती, त्यात तिला बसवलं. बिदागी मिळाली २५ रुपये. त्या घरात त्या वेळी २५ रुपयांचं मोल काय असेल, ते आपण घर चालवणाऱ्या बायकाच जाणोत!

पुढे शांतारामबापूंच्या 'तीन बत्ती चार रास्ता' (१९५३) मध्ये काम मिळालं. बिमल रॉय यांच्या 'सुजाता'त (१९५९) नायिका नूतन, तर शशिकला घरची लाडकी, अल्लड लेक. मुख्य नायिकेचा मान मात्र सहसा दुसरीलाच. मग आला 'आरती' (१९६२). मीनाकुमारीला छळणारी जाऊ शशिकलाने अशी उभी केली की फिल्मफेअरचं सहायक अभिनेत्रीचं पारितोषिक तिच्याकडे चालत आलं. पुढच्याच वर्षीच्या 'गुमराह'साठी पुन्हा तेच.

इतक्यात सासूबाई आतून म्हणाल्या, "तेव्हा मी नवी नवरी होते. थिएटरात आम्ही सगळ्या बायका तिच्या नावाने बोटं मोडत होतो! पण ती तशी वागली नसती, तर मीनाकुमारीसाठी आमचा पदर भिजला असता का गं?"

बघा, सासूबाईंनी एका वाक्यात सांगून टाकलं!

त्या कामाची किंमतही तिने मोजली. एकदा कपाळावर 'खलनायिका' असा शिक्का बसला, की निर्माते तसल्याच भूमिका घेऊन दारात येतात. 'अनुपमा'त (१९६६) तिने हसरी, मोकळ्या मनाची मुलगी किती गोड केली आहे, पण लोकांच्या लक्षात राहिली ती कारस्थानी बाईच. मधल्या काळात लग्न झालं, दोन मुली झाल्या, संसारातले चढउतार आले. मन उबगलं तेव्हा ती चित्रपटसृष्टी सोडून कलकत्त्याला मदर तेरेसांकडे गेली आणि तिथे रुग्णांची सेवा केली. पडद्यावर दुसरीचा संसार मोडणारी बाई, आणि हे तिचे हात! परत आल्यावर पुन्हा तोंडाला रंग लावला, 'सोनपरी'सारख्या मालिकांतून घराघरांत दिसली. २००७ साली पद्मश्री मिळाली. ४ एप्रिल २०२१ रोजी मुंबईत ती गेली, तेव्हा वय ८८ होतं.

जाऊबाईंचा चहा निवून गेला होता. मी म्हटलं, "नाटकात दुय्यम काम म्हणजे कमी काम नव्हे गं. त्याच कामावर एका मुलीने पडलेलं घर सावरलं. आणि आपण तरी काय करतो? सगळ्यांच्या पंक्ती आपण वाढायच्या, नाव मात्र यजमानांचं. म्हणून आपलं काम काय खोटं?"

ती हसली. जाताना दारात थांबून हळूच म्हणाली, "ताई, ते कुबड कशाचं करायचं?"

तुमच्याही लेकीवर अशी वेळ आली तर सांगून ठेवते. जुन्या उशीतला कापूस सुती फडक्यात भरून घट्ट शिवा. दोन्ही बाजूंनी लांब नाड्या लावून काखेतून पुढे घ्या नि छातीशी गाठ मारा. टाचण्या लावू नका, भर नाटकात टोचतात. आणि पहिल्या रांगेत बसून टाळ्या आपण आधी वाजवा!