छोट्या देशाची धाव, मोठ्या शहराचा प्रश्न

अंबडच्या औद्योगिक वसाहतीत पहिल्या पाळीची वर्दळ सुरू होण्यापूर्वी रस्त्याच्या कडेने काही तरुण धावताना दिसतात. बहुतेकांचे लक्ष्य एकच असते, पोलिस भरती. मैदानी चाचणीच्या ५० गुणांपैकी १५ गुण १०० मीटर धावण्याला आहेत. कामगार वस्तीतील मुलाच्या दृष्टीने ते १५ गुण म्हणजे स्थिर नोकरीच्या दिशेने टाकलेले पाऊल. त्यात गैर काहीच नाही. मात्र वेगाने धावणाऱ्या मुलाला आपल्याकडे भरतीपलीकडची वाट दिसते का, हा प्रश्न विचारायला हवा. २०३० ची राष्ट्रकुल क्रीडा स्पर्धा अहमदाबादला होणार असल्याने तो आता अधिकच निकडीचा झाला आहे.

या प्रश्नाचे उत्तर शोधताना कॅरेबियन समुद्रातील सेंट किट्स आणि नेव्हिस या देशाकडे पाहावे लागते. त्याचे क्षेत्रफळ २६१ चौरस किलोमीटर, म्हणजे साधारण नाशिक महापालिकेच्या हद्दीएवढे. लोकसंख्या पन्नास हजारांच्या आसपास. २०११ च्या जनगणनेत एकट्या नाशिक शहराची लोकसंख्या सुमारे १४ लाख ८६ हजार होती. तरीही जगातील सर्वांत वेगवान माणसाचा किताब या चिमुकल्या देशाच्या किम कॉलिन्सने मिळवला.

देश १९८३ मध्ये स्वतंत्र झाला तेव्हा कॉलिन्स सात वर्षांचा होता. १९९६ मध्ये अटलांटा येथे त्याचा देश प्रथमच ऑलिंपिकमध्ये उतरला आणि त्या पथकात तोही होता. पुढे अमेरिकेत टेक्सास ख्रिश्चन विद्यापीठात शिकत असताना त्याच्या धावण्याला आकार आला. २००० मध्ये सिडनीत त्याने १०० मीटरची अंतिम फेरी गाठली. २००२ मध्ये मँचेस्टरच्या राष्ट्रकुल स्पर्धेत त्याने सुवर्णपदक जिंकले. २५ ऑगस्ट २००३ रोजी पॅरिसच्या जागतिक स्पर्धेत कडेच्या पहिल्या मार्गिकेतून धावत त्याने १०.०७ सेकंदांत विजेतेपद पटकावले. त्याच्या मागच्या दोघांची वेळ १०.०८ सेकंद होती.

याच स्पर्धेत अवघ्या काही दिवसांनी अंजू बॉबी जॉर्जने लांब उडीत ६.७० मीटरसह कांस्यपदक जिंकले. जागतिक मैदानी स्पर्धेतील भारताचे ते पहिले पदक. शंभर कोटींच्या देशाने पहिले पदक मिळवले, त्याच आठवड्यात पन्नास हजारांच्या देशाने १०० मीटरचा जगज्जेता दिला. हा विरोधाभास केवळ शारीरिक ठेवणीच्या आधारे उलगडता येणार नाही.

खरे कारण तिथल्या शिडीत आहे. कॅरेबियन बेटांवर शालेय मैदानी स्पर्धांना मोठी प्रतिष्ठा आहे. जमैकातील आंतरशालेय स्पर्धेला शंभराहून अधिक वर्षांची परंपरा आहे. १९७२ पासून या भागातील कुमार खेळाडूंसाठी कॅरिफ्टा स्पर्धा भरते. तिथे चमकलेल्या मुलांवर अमेरिकन विद्यापीठांची नजर असते आणि शिष्यवृत्तीचे दार उघडते. म्हणूनच २०११ मध्ये देगू येथे पस्तिशीतल्या कॉलिन्सने १०० मीटरचे कांस्यपदक तर मिळवलेच. शिवाय त्याच्या देशाच्या चौघांनी चार बाय शंभर रिलेतही कांस्यपदक जिंकले. एकटा गुणी खेळाडू योगायोगाने निपजू शकतो, चौघे नव्हे.

या कथेला दुसरी बाजूही आहे. छोट्या देशाचा सारा भार एकाच खेळाडूवर पडतो. २०१२ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये देशाचा ध्वज कॉलिन्सच्या हाती होता. पण शर्यतीपूर्वीच त्याला पथकातून वगळण्यात आले. तो सरावाला आला नाही, असे पदाधिकाऱ्यांचे म्हणणे होते. आपण पत्नीला भेटायला गेलो म्हणून ही कारवाई झाली, असे त्याचे. संतापलेल्या कॉलिन्सने देशाकडून पुन्हा न धावण्याची भाषा केली. तरीही २०१६ मध्ये, वयाच्या चाळिशीत, त्याने ९.९३ सेकंदांची कारकिर्दीतील सर्वोत्तम वेळ नोंदवली आणि रिओत तो पुन्हा देशासाठी धावला. चाळिशीत दहा सेकंदांच्या आत धावणारा तो पहिलाच.

कॉलिन्स हा अपवाद नव्हता, हे २०२४ मध्ये पुन्हा दिसले. सुमारे एक लाख ८० हजार लोकसंख्येच्या सेंट लुसियाच्या ज्युलियन आल्फ्रेडने पॅरिस ऑलिंपिकमध्ये १०.७२ सेकंदांत १०० मीटरचे सुवर्णपदक जिंकले. तिच्या देशाचे ते पहिले ऑलिंपिक पदक. त्यासाठी तिला चौदाव्या वर्षी घर सोडून जमैकाला जावे लागले होते. बेटावर सोयी तुटपुंज्या होत्या. वाट मात्र ठाऊक होती.

आपल्याकडे नेमकी उलट स्थिती आहे. पुरुषांच्या १०० मीटरमध्ये अनिमेष कुजूरने २०२५ मध्ये १०.१८ सेकंदांपर्यंत मजल मारली, ही प्रगती मोलाची आहे. तथापि २०२२ च्या बर्मिंगहॅमपर्यंत या शर्यतीत भारताला राष्ट्रकुल पदक मिळालेले नव्हते. वाट तयार झाली तर काय घडते, हे नाशिकने लांब पल्ल्याच्या धावण्यात दाखवून दिले आहे. सावरपाड्यासारख्या आदिवासी पाड्यावरील कविता राऊतने प्रशिक्षक विजेंद्रसिंग यांच्या मार्गदर्शनाखाली २०१० मध्ये दिल्लीच्या राष्ट्रकुल स्पर्धेत १० हजार मीटरचे कांस्यपदक आणि त्याच वर्षी ग्वांगझू आशियाई स्पर्धेत रौप्यपदक मिळवले. त्यामागे होते ते एका प्रशिक्षकाचे सातत्य आणि वर्षानुवर्षांचा सराव.

वेगाच्या शर्यतीला याहून अधिक काही लागते. कृत्रिम धावपथावर नियमित सराव, शालेय स्पर्धांत अचूक वेळनोंद, चौदा-पंधरा वर्षांच्या गुणी मुलांना सकस आहार आणि खेळासोबत शिक्षण सुरू ठेवणारी शिष्यवृत्ती. अंबडसारख्या वसाहतीतील उद्योगांनी सामाजिक दायित्वाच्या निधीतून परिसरातील दोन-चार मुलांची जबाबदारी घेतली, तरी सुरुवात होऊ शकेल. आज चौदा वर्षांचे असलेले मूल २०३० मध्ये ऐन उमेदीत असेल.

भरतीसाठी धावणाऱ्या तरुणांना पदकाची स्वप्ने विकण्याची गरज नाही. त्यांचा हिशेब पक्का आहे. पण त्यांच्यातील एखादा खरोखरच वेगवान असेल, तर त्याच्या वेळेची नोंद भरतीच्या गुणपत्रिकेबाहेरही कुणीतरी घ्यायला हवी. पन्नास हजारांच्या देशात ती घेतली गेली. पंधरा लाखांच्या शहराला ते अवघड नसावे.