खलाशांच्या उशाशी कोण?

स्वप्नांच्या राज्यालाही गावकूस असते, हे मला ऑव्हिड या रोमन कवीकडून कळले. त्याने ते मुद्दाम सांगितलेले नाही. बोलता बोलता निसटले आहे.

इ. स. 8 च्या सुमारास पुऱ्या झालेल्या ‘मेटामॉर्फोसिस’ काव्याच्या अकराव्या खंडात निद्रादेवाचे हजार पुत्र भेटतात. नावे मात्र तिघांनाच. मॉर्फियस माणसाचे रूप घेतो. चाल, आवाज, पेहराव, सारे हुबेहूब. फोबेटर पशुपक्षी नि साप होतो. फँटॅसस माती, खडक, पाणी, झाड होतो. हे तिघे राजे आणि सेनापती यांच्या झोपेत जातात. सामान्यांकडे जातात ते इतर भाऊ. त्यांची नावे कवी सांगत नाही.

राजा सीइक्स वादळात जहाजासह बुडतो. मॉर्फियस त्याचे रूप घेऊन, ओल्या केसांनी राणीच्या पलंगापाशी उभा राहतो आणि खरे ते सांगतो. प्रसंग अप्रतिम आहे, वादच नाही!

पण जहाजावर खलाशीही होते. बुडताना कुणाला भाऊ आठवतो, कुणाला घर नि मुले. हे ऑव्हिडनेच लिहिले आहे. मग त्यांच्या बायकांना कुणी सांगितले? कथेत कुणीच जात नाही.

पुराणकथेला असे प्रश्न विचारू नयेत, असे काही जाणकार म्हणतात. मला ते पटत नाही. घरातून कॉलेजात आलेला मी पहिलाच. माझे लक्ष त्या बिननावाच्या भावांकडेच जाणार. रूपे पालटण्याची विद्या त्यांनाही येत असणारच. मॉर्फियसला एका राणीपुढे उभे राहायचे होते. यांना एका रात्रीत किती घरे घ्यावी लागत असतील!