ग्रहण दोन तासांचे, गाव दिवसभर बंद का?

प्रति,
मा. जिल्हाधिकारी, बीदर आणि कलबुर्गी
मा. मुख्य कार्यकारी अधिकारी, जिल्हा पंचायत, बीदर आणि कलबुर्गी

विषय : 2 ऑगस्ट 2027 च्या सूर्यग्रहणाच्या दिवशी सार्वजनिक सेवा वेळेवर चालू ठेवणे आणि अपंग मुलांच्या उपचारांची सोय करणे.

महोदय,

सोमवार, 2 ऑगस्ट 2027 रोजी सूर्यग्रहण आहे. खग्रास पट्टा स्पेन, मोरोक्को, इजिप्त, सौदी अरेबियावरून जातो; लक्सरजवळ सूर्य सहा मिनिटांहून जास्त वेळ पूर्ण झाकलेला राहील. आमच्या जनवाड्यात ते खंडग्रासच दिसेल, तेही दुपारनंतर. पण सूर्यग्रहणाचे वेध चार प्रहर, म्हणजे 12 तास आधी लागतात. त्या हिशेबाने उजाडायच्या आतच चुली थंड. त्यात ती आषाढी अमावास्या. मराठी घरात दिव्यांची अवस, कन्नड घरात भीमन अमावास्या. शिवारात सोयाबीन-तुरीच्या खुरपणीचे दिवस. बाईमाणसाची मजुरी जाणार, शाळेत पोरे येणार नाहीत आणि अक्षर दासोहचे जेवण शिजले तरी उरणार.

घरात कोणी काय पाळावे, यात आम्हाला पडायचे नाही. पाण्यात तुळशीपत्र टाकावे, स्नान करावे, जप करावा. आमचे म्हणणे सगळ्यांच्या सामाईक वेळेबद्दल आहे. 2022 साली 25 ऑक्टोबरला सूर्यग्रहण आले. लक्ष्मीपूजन 24 ला झाले, पाडवा आणि भाऊबीज 26 ला एकाच दिवशी आली, मधला दिवस रिकामा गेला. सण पुढे सरकला तर सोसता येते. दवाखान्याची आणि अंगणवाडीची वेळ सरकवता येत नाही.

म्हणून पहिली मागणी : त्या दिवशी स्थानिक सुट्टी देऊ नये. शाळा पूर्ण वेळ भरावी, जेवण शिजावे, परिवहन महामंडळाच्या बसफेऱ्या रद्द होऊ नयेत, आरोग्य उपकेंद्र उघडे असावे. परिपत्रक महिनाभर आधी, कन्नड, मराठी आणि उर्दूत निघावे. ग्रहणाच्या वेळाही बीदर-कलबुर्गीच्याच द्याव्यात. आमच्या भिंतीवरच्या कालनिर्णयात सूर्योदय मुंबईचा असतो आणि बीदरला सूर्य मुंबईपेक्षा जवळपास 19 मिनिटे आधी उगवतो.

दुसरी मागणी गरोदर बायांसाठी. ‘मातृपूर्ण’ योजनेत त्यांना अंगणवाडीत दुपारचे गरम जेवण मिळते. ग्रहणाच्या दिवशी त्यांनाच सर्वांत जास्त कोंडले जाते : पाणी नाही, विळीला हात नाही, आडवे पडायचे नाही. वास्तविक पंचांगकर्तेच बाल, वृद्ध, आजारी आणि गर्भवतींना वेधात सवलत देतात. गावात नेमके उलटे घडते. बाळाचा ओठ गर्भारपणाच्या दुसऱ्या महिन्याच्या आसपास जुळतो. सातव्या महिन्यात आईने भाजी चिरली म्हणून तो फाटत नाही. हे आशाताईंनी घरोघर सांगावे आणि त्यांना तसे लेखी पाठबळ द्यावे. सासूशी वाद एकट्या आशाताईने का घालावा?

तिसरी मागणी सर्वांत महत्त्वाची. 26 डिसेंबर 2019 च्या ग्रहणात कलबुर्गीजवळच्या ताजसुलतानपुरात अपंग मुलांना गळ्यापर्यंत मातीत पुरून ठेवले होते. त्याने अंग सुधारते, असा समज. बातमी देशभर गेली. 2017 साली विधिमंडळाने संमत केलेला अमानुष प्रथा आणि काळी जादू प्रतिबंधक कायदा त्यानंतर, जानेवारी 2020 मध्ये अमलात आला. पुढच्या ग्रहणात पोलीस येतील, यायलाच हवेत. पण ते आई-बाप मुलाचा छळ करायला खड्डा खणत नाहीत. सेरेब्रल पाल्सीच्या मुलाला वर्षानुवर्षे फिजिओथेरपी लागते. मजुरी बुडवून, मूल कडेवर घेऊन दर आठवड्याला जिल्ह्याच्या ठिकाणी जाणे किती घरांना जमेल? खड्डा दाराशी असतो, फुकट असतो, आणि काहीतरी केल्याचे समाधान देतो. नुसत्या गुन्ह्याच्या भीतीने हे थांबणार नाही, लपून होईल. तेव्हा दोन्ही जिल्ह्यांच्या प्रत्येक तालुका रुग्णालयात ठरलेल्या वारी फिजिओथेरपिस्ट बसावा. ग्रामपंचायतीच्या पुनर्वसन कार्यकर्त्याने अशा घरांची यादी करून ग्रहणाच्या आधी दोनदा तिथे जावे. मूल व पालक यांचा बसप्रवास मोफत असावा. 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यात सेरेब्रल पाल्सीचा स्पष्ट समावेश आहे. आम्ही मेहेरबानी मागत नाही.

चौथी मागणी छोटी. कलबुर्गीच्या जिल्हा विज्ञान केंद्राने त्या आठवड्यात आमच्या भागातील शाळांत यावे, प्रमाणित चष्मे द्यावेत, आणि काजळी धरलेली काच किंवा एक्स-रेची फिल्म डोळ्यांना का चालत नाही ते दाखवावे. चष्मे कमी पडले तर पिठाची चाळणी उन्हात धरली तरी पुरते : जमिनीवर प्रत्येक भोकागणिक एक कोर दिसते.

हा भाग ग्रहणाला नवखा नाही. 18 ऑगस्ट 1868 रोजी ग्रहण पाहण्यासाठी जमखंडीत जॉन हर्शेल आणि गुंटूरला जानसेन दुर्बीण रोखून उभे होते. त्याच ग्रहणाच्या निरीक्षणांतून हेलियमचा माग लागला. 16 फेब्रुवारी 1980 चा खग्रास पट्टा अंकोला, हुबळी, रायचूरवरून गेला, आणि त्या दिवशी दारे-खिडक्या लावून घरात बसल्याचे आमची वडीलधारी माणसे आजही सांगतात. भारतातून पुन्हा खग्रास दिसेल ते 20 मार्च 2034 रोजी, तेही काश्मीर-लडाखात.

चारही मागण्यांवर दोन्ही जिल्ह्यांनी एकत्र बैठक बोलवावी, तिला आमचे प्रतिनिधी बोलवावेत, आणि 2027 ची शाळा उघडण्याआधी लेखी उत्तर द्यावे. तिसऱ्या मागणीसाठी मात्र ग्रहणाची वाट पाहू नये. ती या महिन्यातच सुरू करावी, ही विनंती.

आपले,
जनवाडा परिसरातील पालक, शिक्षक, अंगणवाडी आणि आशा कार्यकर्त्यांची संघटना
जनवाडा, ता. जि. बीदर